त्रावणकोर भरलं काय व?

आमच्या वाडीत त्रावणकोर विहिरीला अगदी लागून होतं. त्यात सांबार पेरलेला असे. सांबार म्हणजे कोथिंबीर. पुण्याकडच्या वाचकांनी लगेच इडली शोधायला उठू नये. त्रावणकोरच्या शेजारी कोचीन, त्यात मेथी. कुर्गाचा वाफा एवढासा, तिथं मुळे. म्हैसूरला वांगी. मद्रास बांधाच्या कडेनं लांबच लांब, त्यात मिरची. आणि झोपडीपाशी, सगळ्यांत ऐसपैस, निजामाचं हैदराबाद, तिथं कांदे. विहीर म्हणजे हिंदी महासागर.

हा सगळा मुलूख माझ्या ताब्यात होता, आणि मी होते चौथीत. दोन वेण्या, गुडघ्यापर्यंत चिखल, हातात फावडं, आणि डोक्यात असा ठाम समज की अख्ख्या वऱ्हाडात आपल्याइतकं हुशार कोणी नाही. आज ती पोरगी समोर आली तर मी तिला आधी तोंड धुवायला लावीन आणि मग बोलेन.

आमचं गाव अमरावतीपासून काही कोसांवर, नांदगाव पेठेच्या अंगाला. आम्ही भाजीपाला पिकवणारी माणसं. आई पाटी घेऊन अमरावतीच्या बाजारात जायची, बाबा मोट हाकायचे, आणि बाबांची आई, म्हणजे माझी आजी, झोपडीच्या सावलीत बसून भाजीच्या जुड्या बांधायची आणि सगळ्यांना शिस्त लावायची. शाळा सुटली की पाणी वळवायचं काम माझं.

शाळा म्हणजे एक खोली, एक मास्तर आणि एक नकाशा. नकाशा भिंतीला टेकून वर्षानुवर्षं लटकलेला. उधईनं त्याला खालून सुरुवात केली होती. त्रावणकोर आणि कोचीन तिनं खाऊन पार संपवले होते, आणि मी चौथीत आले तेव्हा ती कुर्गाला लागली होती. मास्तर छडी नकाशावर फिरवत खाली खाली येत आणि म्हैसूरच्या पुढं छडी एकदम भिंतीवर आपटत. “इथं त्रावणकोर. राजधानी त्रिवेंद्रम. ते दिसत नाही, म्हणून पाठ करायचं.” त्या भिंतीवर एक पाल असायची. बरेच दिवस मला वाटे, त्रिवेंद्रम म्हणजे ती पालच.

वऱ्हाड तेव्हा मध्यप्रांताला जोडलेलं. मास्तर शिकवत की वऱ्हाड मुळात निजामाचं, हुकूम इंग्रज साहेबाचा आणि कारभार नागपुरातून. मी घरी येऊन हे मोठ्या दिमाखात सांगितलं. आजी जुडी बांधता बांधता म्हणाली, “म्हंजे गाय एकाची, दोर दुसऱ्याच्या हाती, अन् दूध पेते तिसराच.”

बाबांनी विचारलं, “मंग आपली राजधानी कोनती?”

“अमरावती,” आजी म्हणाली. “आपली भाजी जिथं इकते, ते आपली राजधानी.”

मी पोट धरून हसले होते, आजीला काही कळत नाही म्हणून. आंध्रानं आपल्या राजधानीचं नाव अमरावती ठेवल्याचं परवा-परवा पेपरात वाचलं, तेव्हा आधी आजीच आठवली. म्हातारीचा वाफा चुकला होता, नाव बरोबर होतं.

तर, शाळा चौथीपर्यंतच. पुढं शिकायचं तर अमरावती. तिथं आत्याकडं राहता आलं असतं. नाही तर फावडं हातात होतंच, ते हातातच राहणार होतं. बाबांचं मन अर्धं इकडं, अर्धं तिकडं. मास्तर एकदा वाडीत येऊन वांगी घेऊन गेले आणि जाता जाता बाबांना म्हणाले, “उन्हाळ्याच्या आधी अकोल्याहून डिपोटी साहेब येणार आहेत शाळा तपासायला. पोरीनं त्यांच्यापुढं नीट सांगितलं आणि त्यांनी शब्द टाकला, तर अमरावतीच्या शाळेत घेतील. नाही तर मी एकटा काय करणार?”

झालं. बाबांना स्वतः ठरवायचं नव्हतंच; त्यांनी ते डिपोटी साहेबांवर ढकललं. “साहेब काय म्हनते ते पाहू,” एवढंच. म्हणजे माझं सगळं पुढचं शिक्षण एका न पाहिलेल्या माणसाच्या एका वाक्यावर येऊन बसलं. आणि मास्तरांनी आणखी एक पिल्लू सोडून दिलं होतं: हे साहेब काही वर्षं मद्रासकडं राहून आलेले, दक्षिणेतलं विचारल्याशिवाय सोडत नाहीत.

दक्षिणेतलं म्हणजे त्या सहा राजधान्या. त्यांतल्या तीन फुकटच्या. मद्रासची मद्रास, म्हैसूरची म्हैसूर, हैदराबादची हैदराबाद. ही राज्यं शहाणी, पोरांचा विचार करणारी. पण उरलेली तीन! त्रावणकोरची त्रिवेंद्रम, कोचीनची एर्नाकुळम, कुर्गाची मर्कारा. यात नावाचा नावाशी काही संबंध? मी पाटीवर लिहिलं, पुसलं, पुन्हा लिहिलं. रात्री म्हणायचं, सकाळी विसरायचं. एर्नाकुळम म्हणताना तर माझी जीभ चिखलातल्या गाडीसारखी रुतायची.

तोडगा निघाला तो आमच्या पाणी देण्यातून. मोट हाकताना बाबांची वाडीकडं पाठ असायची. बैल धावेवर मागं-पुढं, चाकाची कुरकुर, मोट ओतली की धबाधबा आवाज. इकडं वाफा भरला की नाही ते त्यांना दिसायचं नाही. आणि मी म्हणजे काय ध्यान सांगावं! वाफ्याच्या तोंडाशी फावडं टेकून उभी राहायची, तोंड उघडं टाकून कुठंतरी पाहत. पाणी वाफा भरून बांधावरून शेजाऱ्याच्या वाटेवर, आणि शेजारी आमच्या नावानं शंख करीत. म्हणून बाबा थोड्या थोड्या वेळानं तिकडूनच ओरडायचे, “भरलं काय व?” आमच्याकडचा ‘व’ म्हणजे तुमचा ‘गं’. मी इकडून “नाई!” किंवा “हो!” म्हटलं की त्याप्रमाणे ते बैल हाकायचे किंवा थांबवायचे. थांबवले की मी एका वाफ्याचं तोंड बुजवून दुसऱ्याचं फोडायची.

एक दिवस “नाई” म्हणायच्या ऐवजी माझ्या तोंडून निघालं, “त्रावणकोर!”

तिकडं चाक थांबलं. “काय म्हनतं?”

“अजून भरलं नाई म्हनतो! भरलं का त्रिवेंद्रम म्हनीन!”

बाबांनी क्षणभर विचार केला असावा. मग त्यांनी बैलांना “हो रे राजा” म्हटलेलं ऐकू आलं आणि चाक पुन्हा फिरायला लागलं. थोड्या वेळानं, “भरलं काय व?” “तिर्वेंद्रम!” चाक थांबलं. मी सांबाराचं तोंड बुजवून मेथीचं फोडलं. “भरलं काय व?” “कोचीन!” “भरलं काय व?” “एर्नाकुळम!” ओरडताना जीभ रुतली नाही. विहिरीपलीकडं पोचवायचं म्हटल्यावर रुतायला तिला वेळच मिळाला नाही.

तेव्हापासून राज्य म्हणजे वाफा भरतोय, राजधानी म्हणजे भरला. बाबांना अक्षर येत नव्हतं, पण मर्कारा ऐकलं की बैल थांबवायचे हे त्यांना पक्कं झालं. मला वाटतं, बैलांनाही झालं होतं.

आजीला मात्र हा प्रकार अजिबात पसंत नव्हता. दक्षिण म्हणजे यमाची दिशा. तिकडं पाय करून झोपायचं नाही, तिकडं तोंड करून जेवायचं नाही, तिकडं दिवा ठेवायचा नाही. आणि ही पोट्टी तिन्हीसांजेला दक्षिणेतली गावं घेऊन बोंबलते!

“काहून व, दुसरी दिशा नाई भेटली तुले?” ती म्हणायची. “आपली रुक्मिनी कौंडण्यपुराहून गेली, ते द्वारकेले गेली. दक्षिनेले जाते काय कोनी?”

“मी जाऊन नाई राहिली आजी, पाठ करून राहिली.”

“तेच. रोज रोज नाव घेतलं का एक दिवस ते बलावते. अन् ध्यानात हाये काय, अमरावतीबी इथून दक्षिनेलेच पडते!”

बाबा तिकडून म्हणाले, “मंग माय, रोजची भाजी आपन यमाले नेऊन देतो काय?”

आजी बाबांशी दोन दिवस बोलली नाही. माझ्याशी बोलत होती, पण फक्त चुका काढायला.

डिपोटी साहेब आले ते नेमके लग्नसराईत. आई भावाच्या लग्नाला अकोल्याला माहेरी गेलेली. अमरावतीच्या एका लग्नघरानं सांबार सांगून ठेवलेला, म्हणून बाबांनी पहाटे त्रावणकोर मुळासकट उपटलं, जुड्या बांधल्या, ओल्या फडक्यात गुंडाळून पाटीत रचल्या. मी वेण्या घालून शाळेला निघताना पाहिलं, तर विहिरीपाशी नुसती उकरलेली काळी माती. त्याचं मला त्या वेळी काहीच वाटलं नाही. मी त्या वेळी साहेबांपुढं कसं उभं राहायचं, हात कुठं ठेवायचे आणि साहेबांनी “शाबास” म्हटल्यावर लाजायचं कसं याची तालीम करीत होते. लाजण्याची तालीम मी रस्ताभर केली. राजधान्यांची एकदाही नाही.

साहेब कोट-टोपीतले, गोरेपान, पुण्याकडचे. आवाज मऊ. एकेका पोराला उभं करून विचारत होते आणि मास्तर कोपऱ्यात उभे राहून रुमालानं मान पुसत होते. माझी पाळी आली. साहेबांनी नकाशाकडं पाहिलं, उधईनं खाल्लेल्या भागाकडं पाहिलं, आणि माझ्याकडं वळून म्हणाले, “मुली, हैदराबादची राजधानी?”

“हैदराबाद!”

“म्हैसूरची?”

“म्हैसूर!” मी जरा लाजूनही घेतलं, तालीम वाया का घालवायची.

“छान. आणि त्रावणकोरची?”

मी डोळे मिटले. नेहमीप्रमाणे विहिरीपाशी गेले. तिथं उकरलेली माती. त्रावणकोर नव्हतंच. पाणी कुठं सोडायचं? तेवढ्यात खिडकीतून वास आला, चांगला हिरवागार. डोळे उघडून पाहते तो बाबा खिडकीशी. बाजाराच्या वाटेवर थांबले होते, साहेब काय म्हनते ते पाहायला. आणि अख्खं त्रावणकोर त्यांच्या डोक्यावर, पाटीत.

मी बोट करून म्हणाले, “सांबार!”

वर्गात हशा पिकला. साहेबांनी मात्र भुवया वर केल्या. “सांबार? ही राजधानी नव्हे मुली. तिकडचे लोक तो भातावर घेतात.”

पुढच्या रांगेतली एक पोरगी उठून म्हणाली, “भातावर नाई साहेब, वांग्याच्या भाजीवर.”

“उकडलेला असतो तो, बाळ. डाळीत.”

“आमच्या इथं कच्चाच टाकतेत.”

मास्तरांनी रुमाल तोंडाशी धरला. साहेब पुन्हा माझ्याकडं वळले. “आठव. घाबरू नकोस. त्रावणकोरची राजधानी?”

काही येईना. मला दिसत होतं की हे चाललं. अमरावती चालली, आत्याचं घर चाललं, नवी पाटी, नवी शाळा, सगळं बांधावरून वाहून शेजाऱ्याच्या वाटेवर चाललं. आणि मी वाफ्याशी उभी राहते तशीच उभी, तोंड उघडं टाकून. ते ध्यान बाबांच्या ओळखीचं होतं. त्यांनी काही ठरवून केलं नाही, हे मी शपथेवर सांगते. खिडकीतून, पाटीखालून, रोजच्या सवयीनं त्यांच्या तोंडून निघून गेलं, “भरलं काय व?”

“तिर्वेंद्रम!”

हा आवाज विहिरीपलीकडं जाणारा, आणि इथं चार भिंतींची खोली. साहेबांनी कानाला हात लावला. भिंतीवरची पाल पडली, असं गावात पुढं कित्येक वर्षं सांगत. पण आमच्या गावचे लोक काहीही सांगतात.

साहेब खिडकीकडं वळले. “आपण कोण?”

“हिचा बाप, साहेब.”

“उत्तर तुम्ही सांगितलंत?”

“नाई जी. मी कायले सांगतो? मले कुठं येते? मी फक्त पुसलं का भरलं काय.”

“काय भरलं?”

“त्रावणकोर,” बाबा म्हणाले, आणि आपण काही विचित्र बोललो असं त्यांना मुळीच वाटलं नाही.

मास्तरांची मान आता पुसण्यापलीकडं गेली होती. मी पुढं झाले. “मी सांगतो, साहेब.”

“‘सांगतो’ नव्हे मुली. सांगते.” आमच्या बोलीत ‘सांगते’ म्हणजे दुसराच कोणी सांगतो.

“कोन सांगते? मास्तर? त्याइले नाई माहीत साहेब. मीच सांगतो.”

आणि सांगितलं. विहीर म्हणजे महासागर, मेथी म्हणजे कोचीन, मुळे म्हणजे कुर्ग, बैल कधी थांबतात, शेजारी कधी ओरडतो. साहेब ऐकत होते. मध्येच त्यांनी टोपी काढून टेबलावर ठेवली. मग म्हणाले, “बरं. कोचीन भरलं का गं?”

खरंच काही येईना. त्या “का गं”मध्ये विहीर नव्हती, चाक नव्हतं. कुणी पाहुणा ताटात वाढलेलं विचारतोय असं वाटलं.

बाबा खिडकीतून हळूच म्हणाले, “साहेब, ‘व’ म्हना.”

साहेबांनी एकदा मास्तरांकडं पाहिलं. घसा साफ केला. आणि तो कोटातला पुण्याकडचा माणूस, आयुष्यात पहिल्यांदाच असेल, म्हणाला, “भरलं काय... व?”

“एर्नाकुळम!”

“कुर्ग भरलं काय व?” आता त्यांना गोडी लागली होती.

“मर्कारा!”

ते हसायला लागले. खिडकीशी जाऊन बाबांना म्हणाले, “हिला अमरावतीला पाठवा. मी तिथल्या शाळेला सांगतो.” जाता जाता सांबाराची एक जुडी घेऊन गेले, वास घेत घेत. पैसे द्यायला लागले तर बाबांनी घेतले नाहीत, आणि मास्तरांनी आपल्या वांग्यांच्या पैशांचा विषय काढला नाही.

बाबांनी पाटी सावरली. मला वाटलं, आता शाबासकी. ते म्हणाले, “पाठवतो. पन मंग वाफे कोन भरन व?” आणि बाजाराच्या वाटेला लागले.

हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. लाजण्याची तालीम करणाऱ्या पोरीच्या डोक्यात असलं काही येत नाही. त्या संध्याकाळी घरात याच प्रश्नावर बोलणं अडून राहिलं. गडी ठेवणं परवडणारं नव्हतं, आईला बाजार सुटणारा नव्हता. बाबा विडी पीत बसले. मी राजधान्यांचं नावही काढलं नाही. शेवटी आजी माझ्याकडं न पाहता बाबांना एवढंच म्हणाली, “शब्द देल्ला न साहेबाले? धाड मंग तिले. वाफ्याचं पाहू.” कसं पाहणार ते तिनं सांगितलं नाही, आणि तिला विचारायची आमच्यात कुणाची टाप नव्हती.

पावसाळ्यात मी अमरावतीला गेले. शाळेत बाईंनी पहिल्याच आठवड्यात माझं “जातो-येतो” काढून “जाते-येते” बसवलं. पायात चप्पल आली. शहराच्या पोरी माझ्या बोलण्याला हसल्या, तशी मी पटकन त्यांच्यासारखी बोलायला लागले आणि आपण जन्मापासून असंच बोलतो अशी स्वतःची समजूत घातली. दिवाळीच्या सुट्टीत भाजीच्या परतीच्या बैलबंडीतून गावी आले, ती अशी नटून. बंडी वाडीच्या वळणावर थांबली. कुंपणापलीकडून चाकाची कुरकुर ऐकू आली, आणि बाबांचा आवाज.

“भरलं काय व माय?”

“तरावनकोर!”

मी बंडीतून खाली उतरले. पुन्हा चाक. पुन्हा “भरलं काय?” आणि आजीचा तो खणखणीत, दक्षिणेला यमाची दिशा म्हणणारा आवाज:

“तिरपीनदरम!”

चाक थांबलं. मी कुंपणातून आत शिरले. आजीनं लुगडं वर खोचलेलं, पोटऱ्यांपर्यंत चिखल, हातात माझं फावडं. वाफ्यांतली पिकं बदललेली. त्रावणकोरात आता पालक होता, पण राज्यं जागची हलली नव्हती. तिनं एक तोंड बुजवलं, दुसरं फोडलं आणि मग माझ्याकडं पाहिलं, आधी पायांकडं.

“आजी, मी आले,” मी शुद्ध भाषेत म्हणाले. “बाबांना भेटून येते. मोटेकडं जाते.”

“जातं? दळाचं जातं मोटेवर कोन नेते व?”

तिकडून बाबा ओरडले, “भरलं काय व माय?”

“एरंडाकुलूप!”

मला राहवलं नाही. चौथी पास झालेली, अमरावतीची विद्यार्थिनी मी. “आजी, एरंडाकुलूप नाही गं. एर्नाकुळम!”

तिनं फावडं मातीत रोवलं. कोचीनकडं हात केला. “वाफा भरला न?”

“भरला.”

“बैल थांबले न?”

“थांबले.”

“मंग?” आजी म्हणाली, आणि फावडं माझ्या हातात दिलं. “काढ ते चप्पल. कुर्ग बाकी हाये.”